उस्मानभाईंनी लावलेली रिंग

फोन आला तेव्हा मी हॉटेलच्या तिसऱ्या मजल्यावर होते. शनिवार-रविवारची गर्दी नुकती ओसरलेली, सगळ्या खोल्यांच्या चादरी एकदम निघालेल्या आणि खाली लाँड्रीची गाडी हॉर्न वाजवत उभी... लोणावळ्यात हाउसकीपिंगचं काम करणाऱ्या बाईला सोमवारी दुपारी कुणी फोन करू नये, हे माझ्या घरच्यांनासुद्धा ठाऊक आहे. म्हणून मी जरा खेकसूनच "काय आहे?" म्हटलं. पलीकडं उस्मानभाईंचा पुतण्या होता. म्हणाला, "मावशी, चाचा गेले." मी म्हटलं, "कुठं गेले?" मला खरंच वाटलं, की हा माणूस डॉक्टरांचा डोळा चुकवून तळेगावच्या दवाखान्यातून पळाला आणि कुठंतरी मांडव बघत उभा राहिला. त्यांच्याकडून ते अगदी शक्य होतं. पुतण्या दफनाची वेळ सांगायला लागला, तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. मी हातातली चादर घडी केली, पुन्हा उलगडली, पुन्हा घडी केली... शेवटी बरोबरची मुलगी म्हणाली, ताई, तुम्ही जा, आम्ही बघतो इथलं.

पेपरच्या पुरवणीच्या संपादकबाईंनी माझ्याकडं लेख मागितला होता तो खरं तर माझ्या मुलीवर. यशोधरा, म्हणजे आमची यशू, बास्केटबॉल खेळते. आणि नुसती खेळत नाही, त्यावर स्वतःचं पोट भरते. कुसगावच्या आमच्या दोन खोल्यांतून निघून ती मुलींच्या व्यावसायिक लीगमध्ये पोचली. आता तिच्याबद्दल बोलायला लागले की मी थांबत नाही. हॉटेलात आलेल्या पाहुण्यांनासुद्धा मी तिचे फोटो दाखवलेत, आणि मॅनेजरांची बोलणी खाल्लीत. पण उस्मानभाई गेल्यावर मी बाईंना कळवलं, की यशूवर लिहायचं तर उस्मानभाईंना वगळून मला एक ओळ लिहिता येणार नाही. त्या म्हणाल्या, मग त्यांच्यावरच लिहा. तर हे त्यांच्यावर आहे. यशू मध्ये मध्ये घुसेल, तिला अडवणं माझ्या हातात नाही.

उस्मानभाई मांडववाले. मावळातल्या एका खेड्यातून पोरवयात लोणावळ्यात आले, बांबू वाहता वाहता मांडव घालायला शिकले, आणि पुढं कुसगावच्या वाटेवरच्या एका मंगल कार्यालयाचं सगळं काम त्यांच्याकडं आलं. मालक पुण्यात राहायचे. हॉल म्हणजे उस्मानभाई आणि उस्मानभाई म्हणजे हॉल, असंच सगळे धरून चालायचे. अंगानं काटकुळे, आवाज मात्र लाउडस्पीकरचा. आणि बढाया! "आपल्या मांडवाखाली लागलेलं लगीन मोडत न्हाई," असं ते नवऱ्यामुलाच्या बापाला छातीवर हात ठेवून सांगायचे. एखादं मोडलेलं कुणी दाखवलंच, तर दोष केटररचा असायचा. वादळात सगळ्या तालुक्यातले मांडव उडाले तरी त्यांचा उभा होता, हे मी किमान वीस वेळा ऐकलंय आणि दर वेळी वादळ जरा मोठं झालेलं असायचं. माझी त्यांची ओळख झाली ती आमच्या हॉटेलातल्या एका लग्नात. फुलांच्या पाकळ्या गालिच्यावर कुणी सांडायच्या आणि कुणी उचलायच्या, यावरून आमचं कडाक्याचं भांडण झालं. ते भांडण मी जिंकले, म्हणून त्यांनी मला कायमचं 'ताई' करून टाकलं.

यशू लहानपणापासून उंच. सातवीत ती वर्गशिक्षिकेच्या डोक्यावरून फळा वाचायची. पोरं तिला शिडी म्हणत, बाया मला विचारत की हिला नवरा कुठून आणणार. शाळेतल्या खेळाच्या बाईंनी मात्र तिला एकदा आपादमस्तक बघितलं आणि सरळ बास्केटबॉलच्या मैदानावर नेऊन उभं केलं. त्या दिवशी पोरगी घरी आली ती पाठ ताठ करून. तोवर बिचारी वाकून चालायची, उंची लपवायला. आई म्हणून मला तेवढ्यानंच बास्केटबॉल आवडला. खेळाचे नियम मला फार नंतर कळले.

पण लोणावळ्यात राहून बास्केटबॉल खेळायचा म्हणजे वर्षातले चार महिने हात बांधून बसायचं. शाळेचं मैदान उघड्यावर. जून सरता सरता त्यावर शेवाळ धरायचं, धुकं असं की एका टोकाची रिंग दुसऱ्या टोकावरून दिसायची नाही, आणि चेंडू भिजून कलिंगडासारखा जड व्हायचा. शाळांच्या स्पर्धा नेमक्या पावसाळा संपता संपता. पुण्याच्या मुली छपराखालच्या कोर्टावर वर्षभर खेळून यायच्या, आमच्या पोरींनी चार महिने चेंडूला हात लावलेला नसायचा. मग काय, जायचं, हरायचं आणि येताना वडापाव खाऊन यायचं. यशू सातवीत असताना अशीच हरून आली आणि रात्री जेवलीच नाही. दुसऱ्या दिवशी मी हे रडगाणं उस्मानभाईंपुढं गायले. दुसरं कुणी समोर नव्हतं म्हणून गायले, एवढंच. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "आषाढापास्नं कार्तिकापत्तूर आमचा हॉल रिकामाच की ओ ताई. देव झोपल्यालं असत्यात तवर. पुढच्या साली नाचू द्या की पोरीला."

चातुर्मासात लग्नं लागत नाहीत हे मला काय ठाऊक नव्हतं? पण पाऊस आणि चातुर्मास एकमेकांवर इतके नेमके बसतात, हे माझ्या कधी डोक्यातच आलं नव्हतं. देव काही उस्मानभाईंचे नव्हेत, आम्हा बौद्धांचेही नव्हेत. पण त्यांच्या झोपेचा फायदा आम्हा दोघांच्या घरांना झाला, हे मी कुणापुढंही कबूल करेन. उस्मानभाईंनी मालकांची परवानगी काढली. ती काढताना काय काय थापा मारल्या ते त्यांनाच माहीत. खेळाच्या बाईंना विचारलं, रिंग किती उंच लागते. बाई म्हणाल्या, दहा फूट. वेल्डरकडून लोखंडी रिंग झाली, मांडवाच्या उरलेल्या प्लायवूडचा बोर्ड झाला, आणि स्टेजच्या पुढच्या तुळईवर, जिथं एरवी वधूवरांच्या नावांची थर्माकोलची पाटी लागते, तिथं रिंग चढली. बाई बघायला आल्या तेव्हा उस्मानभाईंनी त्यांना मानानं स्टेजवरच्या राजाराणीच्या खुर्चीत बसवलं, चहा पाजला. बाई खूष होऊन गेल्या, आणि त्याच वर्षी त्यांची बदली झाली.

पहिल्या वर्षी सहा-सात मुली यायच्या, दुसऱ्या वर्षी दोन, मग यशू एकटी. हॉलच्या शहाबादी फरशीवर चेंडू आपटला की आवाज असा घुमायचा, की शेजारचा किराणावाला विचारायचा, आत काय फोडताय? चेंडू घेऊन रिंगेजवळ धावत गेलं की पुढं स्टेजची कड. दोनदा गुडघे फुटल्यावर उस्मानभाईंनी वऱ्हाडाच्या गाद्या आणून कडेला बांधल्या, तरी यशू जवळ जायला बिचकायचीच. मग ती लांबूनच टाकायला लागली. सुरुवातीला चेंडू रिंगेपर्यंत पोचायचाच नाही. आम्ही म्हणायचो, लहान आहे, येईल जोर. जोर आला. ती चेंडू असा वर भिरकावायची की तो छताच्या पंख्याला लागेल असं वाटायचं, आणि मग तो सरळ वरून रिंगेत पडायचा. उस्मानभाईंना खेळातलं ओ की ठो कळत नव्हतं, पण सल्ला द्यायला कळावं लागतं असं त्यांनी कधी मानलं नाही. ते सांगायचे, "लांबनंच टाक गं. जेवणाच्या लाइनीत बघ, गर्दीत घुसणाऱ्याचंच ताट सांडतंय." यशू हसायची, पण ऐकायची. सराव संपला की ते तिला उकडलेली अंडी द्यायचे, आणि ती खाईपर्यंत उठू द्यायचे नाहीत.

यशू दहावीत गेली तेव्हा जिल्ह्याच्या संघाची निवड चाचणी पुण्याला होती. गणपती नुकतेच गेले होते. आमच्या घरात त्या चाचणीवर सगळं येऊन ठेपलं होतं. माझे मिस्टर विलास, वराळ्याकडच्या कंपनीत पाळीवर जातात, माणूस साधा आणि सरळ. त्यांचं म्हणणं असं, की दहावीनंतर पोरीनं नर्सिंगला जावं, घरात एक पगार वाढेल; बॉल खेळून कुणाचं भलं झालंय? मी भांडभांड भांडले. शेवटी ठरलं, की निवड झाली तर खेळ, नाही तर नर्सिंग. यशू चार महिने हॉलमध्ये घाम गाळून त्या चाचणीला गेली आणि तिथं तिचा एकही चेंडू नीट रिंगेत गेला नाही. सगळे वरून पलीकडं, नाही तर बोर्डाच्या माथ्यावर. निवडणाऱ्यांपैकी एकानं तिला म्हणे सांगितलं, मुली, उंची आहे, अंदाज नाही. परत येताना लोकलमध्ये ती खिडकीकडं तोंड करून बसली होती. विलास चांगला माणूस, त्यांनी टोमणा मारला नाही. एवढंच म्हणाले, की अजून एक संधी बघू, पुढच्या सालची, आणि त्यानंतर मात्र माझं ऐकायचं.

त्यानंतर महिन्याभरात, दिवाळीच्या आधी, मालकांनी हॉलचं स्टेज फोडून नवीन बांधायला काढलं. तुळशीचं लग्न झालं की सीझन सुरू, त्याच्या आत काम उरकायचं होतं. त्या दुपारी उस्मानभाई आमच्या दारात येऊन उभे राहिले. अंगावर सिमेंटची धूळ, हातात मोजायची टेप. मी एकटीच घरी होते. बसा म्हटलं तर बसेनात, पाणी दिलं तर घेईनात. मग सांगितलं. रिंग लावताना ते स्टेजवर उभे होते, आणि दहा फूट त्यांनी स्टेजपासून मोजले होते. आयुष्यभर तुळईवरचं सगळं, पडदे, तोरणं, नावांची पाटी, स्टेजवर उभं राहून मोजायचं, तीच सवय. पोरगी खेळायची खाली, फरशीवर. आता मजुरांनी स्टेज फोडून नेलं आणि रिंग एकटी आभाळात राहिली, तेव्हा त्यांच्या ध्यानात आलं, की स्टेजची उंची धरायची राहिली. दीड फूट. तीन पावसाळे माझी पोरगी दीड फूट जास्त उंच रिंगेत चेंडू टाकत होती, आणि पुण्याला गेल्यावर तिचा हात दीड फूट वर जात होता. "ताई," ते म्हणाले, "पोरीचं वाटुळं म्या केलं." एवढं बोलून त्यांनी तोंडावर हात घेतला. हा लाउडस्पीकर मी तसा कधी बघितला नव्हता.

मला आधी संताप आला. खोटं कशाला बोलू? तोंडाशी आलेलं सगळं मी गिळलं, कारण त्या माणसाची अवस्था बघवत नव्हती. ते म्हणत होते, आत्ता जातो आणि रिंग कापून टाकतो, पोरीच्या पाया पडतो. आणि माझ्या डोळ्यांपुढं विलास उभे राहिले. हे त्यांच्या कानावर गेलं, की हॉल बंद, चेंडू बंद. यशूला कळलं, तर या माणसावरचा तिचा विश्वास उडेल आणि मग तिला रोज तिथं पाठवणार कोण? मी ठरवून टाकलं. म्हटलं, "उस्मानभाई, रडणं थांबवा. रिंग मुद्दाम उंच लावली होती म्हणून सांगा. अवघड आधी शिकावं, मग सोपं आपोआप येतं, असं सांगा. आणि समोरच्या भिंतीवर दुसरी लावा, फरशीपासून मोजून." जन्मभर बढाया मारलेला माणूस, पण हे एक खोटं त्यांच्या घशाखाली उतरेना. मी म्हटलं, नसेल जमत तर माझ्या पोरीचा खेळ संपला असं समजा. तेव्हा कुठं मान हलवली. मला या खोट्याची तेव्हा लाज वाटली नाही, आजही वाटत नाही.

दुसऱ्या दिवशी त्यांनी यशूला सांगितलं. मी शेजारी उभी होते, पाठांतर विसरणाऱ्या पोराजवळ आई उभी असते तशी. यशूनं सगळं ऐकून घेतलं, वर रिंगेकडं बघितलं आणि "बरं चाचा" म्हणाली. बस, एवढंच. दुसरी रिंग जेवणघराच्या दारावर लागली. ती लावताना उस्मानभाईंनी मला, किराणावाल्याला आणि वेल्डरला साक्षीला उभं केलं होतं आणि टेपचं टोक फरशीवर पायानं दाबून धरलं होतं. त्या सालापासून यशूनं सरावाची रीतच बदलली. आधी उंच रिंग, हात भरून येईपर्यंत. मग वळायचं आणि बरोबरच्या रिंगेत टाकायचं. उंच रिंगेवरून आलं की ही रिंग म्हणजे हौद, असं ती म्हणायची. सीझनमध्ये हॉल मिळायचा नाही, तेव्हा शाळेच्या मैदानावर जायची. पण दोन लग्नांमध्ये एक दिवस मोकळा सापडला, की उस्मानभाईंचा फोन यायचा आणि ही पळायची. फुलांचा कचरा झाडून बाजूला लोटलेला असायचा, अत्तराचा वास तसाच असायचा आणि त्यात हिचा चेंडू धपधप चाललेला असायचा.

पुढचं बरंचसं पेपरात येऊन गेलंय, म्हणून थोडक्यात सांगते. पुढच्या साली ती जिल्ह्यात निवडली गेली. तिथून राज्याच्या संघात. पुण्याच्या एका कॉलेजनं बोलावून प्रवेश दिला, होस्टेल दिलं. नर्सिंगचं नाव विलासनी पुन्हा काढलं नाही. उलट कंपनीच्या बसमध्ये तिचा पेपरातला फोटो हातोहात फिरवून त्यांनी त्याच्या घड्या पाडल्या. मोठ्या संघांत गेल्यावर एक गंमत झाली. लोणावळ्यात शिडी म्हणून हिणवलेली पोरगी तिथं मध्यम निघाली. तिच्याहून हातभर उंच मुली समोर हात वर करून उभ्या राहायच्या. पण यशूचा चेंडू त्यांच्या हातांवरून एवढा उंच जायचा, की त्यांना नुसतं मान वर करून बघत राहावं लागायचं. असा उंचावरून पडणारा शॉट ही कुठं शिकली, असं मोठमोठे प्रशिक्षक विचारायचे. त्या एका शॉटवर तिला लीगमध्ये घेतलं, हे तिच्या संघाच्या प्रशिक्षकांनी मला स्वतः सांगितलंय. ते ऐकताना मी नुसतं हो हो करत होते, आणि मनात म्हणत होते, बाबांनो, ही सगळी स्टेजवर उभं राहून मोजण्याची करणी.

लीगमधला तिचा पहिला सामना होता त्या दिवशी हॉलमध्ये लग्न होतं. उस्मानभाई भांडारातल्या पातेल्यांच्या मागं मोबाइल लावून उभे होते, आजूबाजूला केटररची पोरं. बाहेर मंगलाष्टकं चाललेली. शेवटच्या 'सावधान'ला सगळे श्वास धरून उभे असताना यशूनं लांबून चेंडू टाकला, आणि भांडारातून अशी आरोळी उठली, की नवरीच्या मामांना वाटलं मानपानावरून मारामारी लागली. अक्षता दोन क्षण आधीच पडल्या. "त्यांचा संसार लवकर सुरू जाला, काय बिगाडलं?" असं उस्मानभाई नंतर म्हणायचे.

पण मग टीव्हीवर तिची मुलाखत झाली. हा शॉट कुणी शिकवला, असं विचारल्यावर यशू म्हणाली, "आमच्या उस्मानचाचांनी. त्यांनी हॉलमध्ये मुद्दाम उंच रिंग लावली होती." झालं. गावात सत्काराची टूम निघाली, पत्रकार आले, शाळेनं बोलावलं. आणि उस्मानभाई? वादळाची गोष्ट वीस वेळा सांगणारा माणूस पत्रकार दिसला की भांड्यांच्या खोलीत जाऊन आतून कडी लावायचा. सत्काराच्या दिवशी तब्येतीचं निमित्त काढून घरी झोपून राहिले. लोक म्हणाले, केवढा विनय! जुबेदाभाभी, त्यांच्या पत्नी, मला म्हणाल्या, यांना संकोच कधीपासून व्हायला लागला? उस्मानभाई मला एकटे भेटले की एकच धोशा लावायचे. ताई, तिला सांगू या. ते साल तिचं माझ्यामुळं गेलं आणि ती मला हार घालती. मी दर वेळी दामटून गप्प केलं.

आमची शेवटची भेट हॉलमध्येच झाली. सीझनमधलं शेवटचं लग्न उरकलं होतं, ते खुर्च्या एकावर एक रचत होते आणि चार रचून झाल्या की पाचवीवर बसत होते. धाप लागत होती. मी रागावले, उद्याच्या उद्या डॉक्टरकडं चला म्हटलं. ते म्हणाले, जाऊ. मग म्हणाले, "आता तरी तिला सांगा ताई. मला न्हाई जमत. ती माज्याकडं बघून हासती, मग तोंडच उघडत न्हाई." या वेळी मी त्यांना गप्प केलं नाही. सांगते म्हटलं. ती सुट्टीला आली की सांगते. त्या आठवड्यात त्यांना दवाखान्यात नेलं. शनिवार-रविवारची गर्दी उलटली की सोमवारी संध्याकाळी भेटायला जायचं मी ठरवलं होतं, आणि सोमवारी दुपारी फोन आला.

यशू दुसऱ्या राज्यात शिबिराला होती. दफन त्याच दिवशी झालं, तिला पोचता आलं नाही. ती आली तिसऱ्या दिवशी, आणि बॅग आमच्याकडं टाकून थेट भाभींकडं गेली. तिच्या गळ्यात पडून भाभी रडल्या, आणि मग रडता रडता हसायला लागल्या. म्हणाल्या, अगं, शेवटी दवाखान्यात यांनी नुसता वीट आणला होता. सलाइन लावायला आलेल्या नर्सला, डॉक्टरला, शेजारच्या खाटेवरच्या म्हाताऱ्याला, सगळ्यांना तेच. मोबाइलवर तुझा शॉट दाखवायचे आणि म्हणायचे, रिंग म्या लावली, मुद्दाम उंच लावली, अशी अक्कल लागते. मी चाटच पडले. सात वर्षं जो माणूस या विषयावरून पळ काढत होता, तो दवाखान्यात जाऊन बढाई मारत होता? मला वाटलं, तापात बरळले असतील बिचारे.

भाभींकडून निघाल्यावर यशू म्हणाली, हॉलवर जाऊ. आषाढ लागत होता, हॉल रिकामा होता. पुतण्यानं कुलूप काढून दिलं आणि तो गेला. मी तिला खाली बसवलं आणि सांगून टाकलं. टेप सांगितली, स्टेज सांगितलं, माझं खोटं सांगितलं, त्यांची शेवटची इच्छा सांगितली. ती म्हणाली, "आई, मला माहीत होतं." ज्या दुपारी स्टेज फोडलं, त्या दुपारी ती शाळेतून क्लासला चालली होती. खिडकीतून सहज डोकावली, तर फोडलेल्या स्टेजच्या मातीत चाचा टेप धरून उभे होते आणि रडत होते. तिनं वर रिंगेकडं बघितलं आणि तिला सगळं कळलं. मुकाट्यानं क्लासला गेली. दुसऱ्या दिवशी ते मान खाली घालून 'मुद्दाम लावली होती' म्हणाले, तेव्हा तिला ते शब्द माझे आहेत हेसुद्धा कळलं होतं म्हणे. कार्टी! "त्यांना असं मान खाली घालून खोटं बोलताना बघवलं नाही गं," ती म्हणाली. "म्हटलं, हे आपण खरं करून दाखवायचं. म्हणून आधी उंच रिंग आणि मग दुसरी. एरवी कोण वेडा चुकीच्या रिंगेवर सराव करतो?"

आम्ही दोन मोठी माणसं समजत होतो की एका पोरीला सांभाळून नेलं, आणि पंधरा वर्षांची पोर आम्हा दोघांना सांभाळत होती. मला तिचा जेवढा अभिमान वाटला, तेवढा लीगचा करार झाला त्या दिवशीही वाटला नव्हता. आणि लगेच खुर्चीवर बसून धापा टाकणारे उस्मानभाई आठवले. मी म्हटलं, अगं, मग त्यांना सांगायचंस ना... तो माणूस हे मनात घेऊन गेला.

"नाही गेले," यशू म्हणाली. दवाखान्यात नेलं त्याच रात्री त्यांनी तिला फोन केला होता. नुसतेच खोकत राहिले, विषयाला हात घालता येईना. तेव्हा तीच म्हणाली, चाचा, मला स्टेज फोडलं त्या दिवसापासून माहीत आहे, आणि ती रिंग चुकली नसती तर मी आज इथं नसते.

"मग विचारलं त्यांनी, 'आता म्हनू का मंग मी, मुद्दाम लावली म्हून?'" यशू सांगताना हसत होती. "मी म्हटलं, म्हणा चाचा. सगळ्यांना सांगत सुटा."